अल्बर्टच्या डोंगरावरचा मलिदा

माझा मार्कहॅमचा शेजारी अल्बर्ट दिवेकर याने रिचर्डसन पर्वत कधी पाहिला नव्हता, पण काढला होता. हा पर्वत कॅनडाच्या पार उत्तरेला, युकॉन प्रदेशाच्या टोकाला, आर्क्टिक सर्कलच्याही पलीकडे आहे. अल्बर्ट टोरांटोत नकाशांच्या एका कंपनीत ड्राफ्ट्समन होता. विमानातून घेतलेले फोटो समोर ठेवून उंचीच्या रेषा काढायचं त्याचं काम. रिटायर झाल्यावरही चहा पिताना टेबलावरच्या बिस्किटांच्या चुऱ्यात तो मला बोटाने खिंडी काढून दाखवायचा. माथ्यावरचं पाणी एका अंगाला वळलं तर पॅसिफिकला, दुसऱ्या अंगाला वळलं तर आर्क्टिकला जातं, असं सांगायचा. मला निम्मं कळायचं, पण त्याचा चेहरा बघायला मजा यायची.

मग २०१७ च्या विंटरमध्ये त्याच्या उजव्या डोळ्याचा पडदा सुटला. ऑपरेशनच्या आदल्या दिवशी तो नवस बोलला. अल्बर्ट मूळचा अलिबागकडचा बेने इस्राएल, म्हणजे कोकणातला मराठी ज्यू. त्यांच्यात नवस फेडायचा म्हणजे एलियाहू हन्नाबी या त्यांच्या प्रेषितांच्या नावाने मलिदा करायचा: भिजवलेले पोहे, गूळ, ओलं खोबरं, वर फळं. डोळा वाचला तर आपला पर्वत आपल्या डोळ्यांनी पाहीन आणि तिथेच मलिदा करीन, असं तो बोलून बसला. डोळा वाचला. पण दोन्ही डोळे फार दिवस साथ देतील असं वाटत नाही, असं डॉक्टर म्हणाले. म्हणजे पाहायचं ते आत्ताच.

पुढच्या ऑगस्टमध्ये आम्ही निघालो. तो, त्याची बायको जुलिएट आणि मी. विमानाने व्हाइटहॉर्स, तिथून भाड्याची गाडी. ड्रायव्हिंग माझ्याकडे. खडीच्या रस्त्यावर गाडी इतकी हादरायची की बोलताना आवाज थरथरायचा, आणि त्याचंच आम्हाला हसू येत होतं. चारचौघांत तोंड न उघडणारा मी चक्क गाणी म्हणत होतो. डोंगर दिसायला लागले तसा अल्बर्ट मात्र गोंधळला. कुठला कोणता, त्याला सांगता येईना.

"मी यांना फक्त वरून ओळखतो," तो म्हणाला. "तोंडं आज पाहतोय."

"म्हणजे सलूनवाल्यासारखं," जुलिएट म्हणाली. मला गाडी बाजूला घ्यावी लागली, इतकं हसू आलं.

मुक्कामाच्या मोटेलवर जुलिएटने पहाटे मलिदा कालवला. पण खिंडीत पोचलो तर दाट धुकं. तीन पावलांवरची गाडी दिसेना. दुसऱ्या दिवशी परत फिरायचंच होतं. अल्बर्ट थाळी धरून उभा होता. त्याने डोक्यावरची टोपी सारखी केली आणि म्हणाला, निदान अर्धा नवस तरी फेडू. त्याने प्रार्थना म्हटली, जुलिएटने साथ दिली. मी मान खाली घालून उभा होतो. मला फार वाईट वाटत होतं.

प्रार्थना संपता संपता वारा सुटला. आधी टोप्या हलल्या, मग धुकं. पडदा ओढावा तसं ते सरकलं आणि दोन्हीकडे डोंगरच डोंगर उघडे पडले. झाड नाही, टोक नाही. भाकरीच्या पिठाच्या गोळ्यांसारखे गोल, आणि त्यांच्यावर लाल-पिवळं झालेलं खुरटं गवत. अल्बर्ट ओरडलाच, "गुरुदत्त, ही खिंड मी काढलीय! तो उतार बघ, तो..." आणि दाखवायला त्याने हात वर केला. थाळीवर झाकण म्हणून धरलेला हात.

पोहे उडाले. अर्धे पॅसिफिकच्या अंगाला गेले, अर्धे आर्क्टिकच्या. सफरचंदाच्या फोडी रस्त्यावर घरंगळल्या. अल्बर्ट रिकाम्या थाळीकडे बघत राहिला. त्याचा चेहरा पडला.

जुलिएट शांतपणे म्हणाली, "एलियाहू हन्नाबी वावटळीतूनच वर गेले ना? त्यांचा वाटा ते घेऊन गेले. आपला डब्यात आहे. तुला मी ओळखते."

मग आम्ही तिघं जे हसायला लागलो, ते उभंच राहवेना. जुलिएट डबा आणायला गाडीकडे गेली. अल्बर्टला तेवढाही धीर नव्हता. माझ्या मफलरला चिकटलेला एक पोहा त्याने अलगद काढला, तोंडात टाकला, आणि पुन्हा डोंगरांकडे तोंड करून उभा राहिला.