मंग उरते काय?

भद्रावतीजवळच्या एका गावात अणुवीज प्रकल्पाची जनसुनावणी होती आणि तिचं इतिवृत्त लिहायचं काम माझ्याकडे होतं. ही गोष्ट ज्यांची, त्या बाईंना मी तिथं एकदाच पाहिलं. साठीच्या असतील. बसण्याआधी त्यांनी पदरानं खुर्ची पुसली. कोळसा खाणींच्या धुळीत राहणाऱ्यांची ती सवयच.

प्रकल्पाचे साहेब सांगत होते, "अणुविजेला कोळसा लागत नाही, राख निघत नाही."

बाई उठल्या. "मंग उरते काय?"

"वापरलेलं इंधन उरतं. त्यावर प्रक्रिया करूनही घातक कचरा राहतो, तो हजारो वर्षं सांभाळावा लागतो. सरकारचं तसं धोरण आहे."

"विजेची लाइन आमाले बी पाह्यजे, साहेब. पन नातवाच्या नातवाले जे सांभाळा लागन, ते त्याले कोन समजावून सांगन? तवा तुमी नाई, मी नाई."

"यांचा प्रश्न इतिवृत्तात घ्या," साहेबांनी मला सांगितलं.

मग त्या माझ्या टेबलाशी आल्या. "लिवलं का जी? वाचून दाखवा."

मी वाचलं, "कचरा व्यवस्थापनाबाबत एका महिलेने विचारणा केली."

"हे मी कवा बोलली?"

आवाजात राग नव्हता. मी ती ओळ खोडून त्यांचे शब्द जसेच्या तसे लिहीपर्यंत त्या तिथंच उभ्या राहिल्या. इतकी वर्षं मी लोकांचं बोलणं सरकारी भाषेत बदलत आलो होतो. हटकणारं माणूस पहिल्यांदाच भेटलं.

इतिवृत्त वरिष्ठांकडे गेलं तेव्हा "ही भाषा नीट करा" असा शेरा आला. मी बाईंची भाषा तशीच ठेवली.