पाठमोरा नट

धडपड्या नावाच्या नटाबद्दल लिहावं एवढा काही मी लिहिणारा नाही. पण सिनेमाच्या कपडेपटात मी शिंपी होतो आणि त्याची मापं माझ्या वहीत होती, तेवढा अधिकार पुरे समजतो.

पुढे पडद्यावर तो हवालदार झाला, नवरदेव झाला, खलनायकही झाला. हाणामारी आणि हशा दोन्ही एकटा सांभाळायचा. मी सांगतोय ते त्याच्या आधीचं. तेव्हा हिरोसाठी एक कोट शिवला की तसाच दुसरा मी त्याच्यासाठी शिवायचो. त्याच्या कोपरांत कापूस, बगलेत जास्तीचं कापड. हिरो ऐटीत उभा राहायचा आणि जिन्यावरून गडगडत यायचा हा. कराटे, कुस्ती, लाठी, सगळं अंगात मुरलेलं; पण चौदा वर्षांत पडद्यावर दिसली ती फक्त पाठ.

त्याला वाढवलं थोरल्या बहिणीनं. ती प्रत्येक सिनेमा बघून म्हणायची, "पाठ छान आली हो तुझी. तोंड घरी विसरला होतास का?"

तो हसायचा. पण एकदा माप देताना मला म्हणाला, "मामा, गुडघे कुरकुरायला लागलेत. तोंड दिसायच्या आधी पायच गेले, तर ताईला काय सांगू?"

त्या दिवशी त्याला गुंड म्हणून हिरोची लाथ खायची होती. कॅमेऱ्याकडे पुन्हा पाठच. दिग्दर्शक म्हणाले, "मी 'पड' म्हटलं की पडायचं." हिरोनं पाय उचलला, तेवढ्यात खिडकीचा पडदा उडाला. दिग्दर्शक ओरडले, "पडदा!" धडपड्यानं पहिली दोनच अक्षरं ऐकली आणि लाथेआधीच आडवा झाला. हवेतल्या पायाला कोणी सापडेना. हिरो गर्रकन फिरून सोफ्यात बसला.

जमिनीवरून मान वळवून धडपड्यानं अदबीनं विचारलं, "लागलं का साहेब?"

सगळे खो खो हसले. हसले नाहीत ते दोघेच, हिरो आणि फाइट मास्तर.

"चौदा वर्षं शिकवून लाथेची वाट बघता येत नाही?" मास्तर गरजले. "सामान उचल!"

तो कोट परत द्यायला माझ्याकडे आला, तोच बोलावणं आलं. दिग्दर्शकांनी ते दृश्य तीनदा पाहिलं होतं. म्हणाले, "हेच पुन्हा कर, या खेपेला तोंड कॅमेऱ्याकडे. जमलं तर विनोदी गुंडाची भूमिका तुझी. नाही जमलं, तर मास्तर म्हणतात ते."

तो पडला. सुरेख पडला. कोणी हसलं नाही. दुसऱ्यांदा चहावाल्यानं जांभई दिली. धडपड्या कपाळावरचा घाम पुसत उभा राहिला आणि म्हणाला, "साहेब, मला आधीच कळतंय, म्हणून मजा जातेय. 'पड'नं सुरू होणारं काहीही ओरडा. मला सांगू नका."

हिरोनं पाय उचलला.

"पडवळ!"

धडपड्या कोसळायला लागला आणि अर्ध्यात थबकला. एका पायावर, पाठ जमिनीपासून वीतभर वर, चेहऱ्यावर घोर शंका. लाथ नाकावरून निघून गेली. तो सावकाश सरळ झाला, हुश्श केलं.

"पडसं!"

पुन्हा अर्ध्यात. आता हिरोलाच हसू आवरेना.

"पड!"

तो धपकन पडला. पडून झाल्यावर चेहऱ्याला बातमी कळली.

मास्तर पोट धरून खाली बसले. "गाढवा, असं अधांतरी थांबायला हाडं झिजवावी लागतात! मला आधी का नाही दाखवलंस?"

"तुम्ही नेहमी पुरताच पाडलात, मास्तर."

सिनेमा लागला तेव्हा पहिल्या खेळाला ताई माझ्या शेजारी होती. घराएवढं त्याचं तोंड पडद्यावर आलं, थिएटर दणाणलं. ती मात्र हसायचं विसरून बघत राहिली. बाहेर लोकांनी त्याला खांद्यावर घेतला होता. गर्दीत घुसून ती ओरडली, "एवढे दात दाखवायचे होते, तर नीट घासायचे तरी!" मग सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "भाऊ आहे माझा. सख्खा!"

आणि पुढच्या खेळाच्या तिकिटासाठी रांगेत जाऊन उभी राहिली.