भिंतीकडे तोंड करणारे चाचा

मी पिन टाकायला लागले की चाचा खुर्ची फिरवून भिंतीकडे तोंड करायचे. तेवढ्यावर भागायचं नाही. समोरच्या कॅलेंडरवरची तिथी मोठ्यानं वाचायचे. "आज संकष्टी हाय वाटतं, म्याडम." माझी बोटं कीबोर्डवर किती वेळा वाजली, हेसुद्धा त्यांना ऐकायचं नसे. "झालं का?" असं विचारून मगच वळायचे.

तुमच्याही ऑफिसात कॉम्प्युटर दुरुस्त करणारे येत असतील. तुम्ही पिन टाकताना ते कुठे बघतात, कधी पाहिलंय? चाचा भेटेपर्यंत मीही पाहिलं नव्हतं.

मी मंडळ अधिकारी. जमिनीचे फेरफार माझ्या सहीनं मंजूर होतात आणि ती सही डिजिटल. पेन ड्राइव्हएवढं टोकन मशिनला लावायचं, पिन टाकायचा, झाली सही. एवढं सरळ असतं तर काय हवं होतं! सहीचं सॉफ्टवेअर आणि टोकन यांना एकमेकांची भाषा कळत नाही. मध्ये एक लायब्ररी फाईल लागते, दुभाष्यासारखी. कुठलातरी अपडेट येतो, ती फाईल बदलते नाहीतर हलते, आणि सगळं काम ठप्प. मग रहिमतपूरहून चाचा स्कूटरवर यायचे.

मशिन बघून म्हणायचे, "फाईल हाय, पन चुकीच्या घरात बसलीय." आणि तिला तिच्या फोल्डरात नेऊन ठेवायचे. एकदा मी म्हटलं, "नवी आवृत्तीच टाका की." तर हसले. "नवी लय देखणी हाय म्याडम, पन तुमच्या टोकनाशी बोलत न्हाई." जुन्या फायली त्यांनी एकेका गिऱ्हाइकाच्या वेगळ्या पेन ड्राइव्हवर जपून ठेवल्या होत्या. प्रत्येकाला दोऱ्यानं बांधलेली चिठ्ठी. माझ्या चिठ्ठीवर लिहिलं होतं, 'खिडकीजवळच्या म्याडम. नवी टाकू नये.'

आता माझी चूक सांगते. पिन लक्षात राहत नाही म्हणून मी तो कागदावर लिहून टोकनलाच चिकटवला होता. चाचांनी दोनदा टोकलं. "कुलपालाच किल्ली बांधलीय की तुमी." मी ते हसण्यावारी नेलं.

एक दिवस आईला अचानक मिरजेला दवाखान्यात न्यावं लागलं. गडबडीत टोकन ड्रॉवरमध्येच राहिलं.

त्या वेळी माझ्याकडे एका फेरफारावर सुनावणी बाकी होती. दोन भावांना बहिणीचं नाव सातबाऱ्यावरून काढायचं होतं. तिनं हक्क सोडलाय असं ते म्हणत होते, ती नाही म्हणत होती. मी रजेवर म्हणजे भावांचं फावलंच. त्यांना सामील असलेल्या आमच्यातल्याच एका कारकुनानं माझं टोकन बाहेर काढलं. पिन तर मीच लिहून दिलेला! पण सही होईना. स्क्रीनवर एकच वाक्य, लायब्ररी फाईल सापडत नाही. झालं, बोलावलं चाचांना.

पुढचं मला शिपायानं सांगितलं. चाचांनी टोकन पाहिलं, माझी रिकामी खुर्ची पाहिली.

"म्याडम कुठं हायत?"

"मिरजंला. आई ॲडमिट हाय त्यांची. तुमी फाईल टाका की, चाचा," कारकून म्हणाला.

"म्याडम मिरजंला, तर फाईल बी मिरजंलाच हाय."

कारकून भडकला. "दोन मिनिटांचं काम. तुमचं काय जातंय?"

"माझं काय बी न्हाई. जिची सही हाय तिचं जातंय," असं म्हणून चाचांनी हेल्मेट उचललं.

मग मला फोन केला. आधी आईची चौकशी. मग म्हणाले, "तुमचं टोकन लय फिरायला लागलंय म्याडम. सांभाळा." दुसऱ्या दिवशी सकाळी येऊन मी टोकन ताब्यात घेतलं, त्यावरचा पिनचा कागद फाडला, वरिष्ठांना लेखी कळवलं. कारकुनाची बदली झाली, तीही त्याच्या सोयीच्या गावी. सुनावणीला बहीण आली, जे सांगायचं ते तोंडावर सांगितलं, आणि तिचं नाव राहिलं.

चाचांचं काम मात्र गेलं. पुढच्या महिन्यापासून ऑफिसची मशिनं दुसऱ्याकडे. मला ते थांबवता आलं नाही, याची अजून लाज वाटते. ते फक्त माझ्या एका मशिनसाठी येत राहिले. "तुमच्या फाईलचं घर मला म्हाईत हाय," म्हणायचे.

या थंडीत ते गेले. छातीत कळ आली आणि दवाखान्यापर्यंतही पोचले नाहीत. माझ्या चिठ्ठीचा पेन ड्राइव्ह त्यांच्या बायकोनं आठवणीनं पाठवून दिला.

परवा पुन्हा अपडेट आला. नवा माणूस आला, हुशार आहे. चाचांचा पेन ड्राइव्ह लावला, फाईल जागेवर ठेवली, सॉफ्टवेअर चालू झालं.

"पिन सांगा मॅडम, मीच टाकतो."

"भिंतीकडे तोंड करा," मी म्हटलं.

तो गोंधळला, पण वळला. खोलीत तिथी वाचणारं कोणी नव्हतं. मी चार आकडे टाकले आणि पुढचे काही केल्या आठवेनात.