साफ करून मिळालेले अकरा अल्बम

ज्या वयात माझ्या बरोबरीची माणसे नाट्यसंगीताकडून अभंगांकडे सरकत होती, त्या वयात, म्हणजे चाळिशीच्या उंबरठ्यावर, मला एका विलायती हार्ड रॉक बँडचा नाद लागला. अंबरनाथच्या एका रसायनांच्या कारखान्यात मी प्रयोगशाळा सांभाळत असे. शुद्धतेचे दाखले देणे हाच व्यवसाय. त्यामुळे या बँडचे सर्व अल्बम, मूळ नाद तसूभरही न घटता, आपल्या संग्रही असावेत असे मी ठरवले, आणि ते काम उल्हासनगर कॅम्प तीनमधल्या एका कॅसेटवाल्या शेठवर सोपवले. ते कुठून तरी तबकड्या मिळवून कोऱ्या कॅसेटवर उतरवून देत.

सात वर्षांत अकरा अल्बम जमले. मी मुळात भिडस्त; तरी एकदा कँटीनमध्ये धीर करून म्हणालो, की या बँडच्या गिटारवादकाचा खरा गुण म्हणजे संयम. समोरच्या तरुण इंजिनिअरचा घास हातातच राहिला. मला वाटले, भारावला.

पुढे सीडी आली. तिच्यात म्हणे आवाजाचा कणही गळत नाही. फोर्टातून पहिला अल्बम आणून बदलापूरच्या घरी लावला, तर गिटार पत्रा फरफटत न्यावा तशी वाजू लागली. बायकोने आतून विचारले, "मिक्सर कोणी लावलाय?" वायरी तपासल्या, स्पीकर बदलले; निष्कर्ष एकच, सीडी सदोष. भाजीवालीला किडके वांगेही कधी परत न केलेला मी, तज्ज्ञाचे मत घ्यायला शेठकडे गेलो.

त्यांनी दुकानातल्या प्लेअरवर ती लावून ऐकली.

"बरोबर आहे साहेब. मूळ रेकॉर्डवर पण असाच आहे हा."

"पण कॅसेटमध्ये असा नव्हता."

"कसा असणार? पहिला रेकॉर्ड लावला तेव्हाच समजलो, माल डिफेक्टिव आहे. पूरा गिटार फाटलेला. तुम्ही शिकलेले साहेब, तुम्हाला असा माल देणार का मी? ट्रेबल खाली केला. जास्त फाटला तिथे काटून टाकला."

"अकराही कॅसेट?"

"अकराच्या अकरा. कधी बोलून दाखवलं का?"

शेजारच्या जीन्सच्या कारखान्यातले मास्तर आवाज ऐकून दारात आले होते. "साहेब, हा आवाज ऐकायला फोर्टात गेलात? आमच्याकडे बारा मशिनी आहेत. बसा, चहा पण पाजतो."

"द्या ती इकडे," शेठ मायेने म्हणाले, "संध्याकाळपर्यंत साफ करून ठेवतो."

माझी मान सवयीने होकारार्थी हललीसुद्धा.

"नको," मी म्हणालो, इतक्या हळू, की मास्तरांनी "काय म्हणाले?" असे शेठना विचारले. "नको. आहे तशीच ऐकून बघतो."

डॉक्टरांचे न ऐकता रुग्णाला घरी नेणाऱ्या नातेवाइकाकडे पाहावे, तसे शेठनी पाहिले.

रविवारी जेवणानंतर खिडक्या लावून सीडी सुरू केली. संग्रह पुरा झाला होता. आता हा बँड मला आवडतो का, एवढेच ठरवायचे होते. पहिल्या खेपेस मुळीच आवडला नाही. दुसऱ्यांदा लावली.