वरच्या मजल्यावरचं कोर्ट

वारस दाखल्याच्या तारखेला मी जिल्हा कोर्टाच्या जिन्यापाशी बसलो होतो. इथे किरकोळ गुन्हे तळमजल्यावर चालतात आणि खुनासारखे वर, सेशन्स कोर्टात. खालच्या न्यायाधीशांना फार तर काही वर्षांची कैद देता येते. जन्मठेप आणि फाशी वरच्या मजल्यावर.

डब्याची पिशवी धरून एक म्हातारी खालच्या कोर्टाच्या शिपायाला विचारत होती, "माझ्या पोराची केस हितंच ना?"

"नाही मावशी. खुनाची केस इथं चालत नाही. वर गेली ती."

"म्हंजी मोठ्या सायबाकडं?"

"हो."

तिचा चेहरा उजळला. "बरं झालं बया! ह्यो सायेब तर काय ऐकूनच घेत न्हवता."

शिपायानं जिन्याकडे बोट दाखवलं. कोणता गुन्हा कुणापुढे, हे कायद्यात किती नेटकं लिहिलेलं असतं! तिला ते सांगायचं कुणी, हे मात्र कुठेच लिहिलेलं नाही.

गुडघ्यावर हात टेकत ती जिना चढू लागली. वळणावर दम खायला थांबली आणि मला म्हणाली, "भाकरी दोघांच्या आणल्यात, माझ्या नि पोराच्या. जाताना यष्टीत खाऊ."