कुंकवाची जागा सोडून

साल १९८७. माझं वय तेव्हा चव्वेचाळीस. अंबरनाथला हवालदार होतो. शिक्षण चौथी पास. मराठी लिहिता-वाचता येतं. इंग्रजी कागद आला की तो साहेबांकडे सरकवायचा, हा आपला नियम. रिटायर झालो तेव्हा खांद्यावर एक तारा होता. तो नोकरी करून मिळवला, कुणाच्या दारात उभा राहून नाही.

मी सहसा कुणाचे उपकार मानत नाही. आमची ही म्हणते, तुमच्या मानेत लोखंडी सळई घातली आहे. असेल. पण एका रंगाऱ्याचे उपकार मी आजही मानतो, आणि ती केस अजून माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. नावं कुणाचीच लिहिणार नाही. काही माणसं हयात आहेत, काहींच्या मुलाबाळांना इथंच राहायचं आहे.

आधी तेव्हाचा काळ सांगतो, नाहीतर केस कळायची नाही. शेजारच्या मोरिवली गावच्या लोकांची भातशेती कारखान्यांच्या वसाहतीत गेली होती. शेतात शेडी उभ्या राहिल्या आणि ज्याचं शेत, त्यालाच शेडीच्या गेटवर वॉचमन म्हणून उभं केलं. खाकी शर्ट, शिटी, काठी. लोक म्हणाले, गावाची सोय झाली. मुंबईत गिरण्यांचा संप फिसकटल्यावर तिकडचे कामगार इकडे आले आणि मिळेल त्या पगारावर लोखंड कातायच्या लेथ मशीनवर उभे राहिले. एका जागेला दहा माणसं मिळायला लागली की माणसाची किंमत उतरते. पोलीस ठाण्यात रोज कुठल्यातरी गेटचं भांडण यायचं.

अशीच एक लहान शेड होती. तीन लेथ, थोडे कामगार, एक शेठ. कामगार म्हणाले, आम्हाला कायम करा. शेठनी उत्तर म्हणून गेटला टाळं लावलं. कामगार बाहेर मांडव घालून बसले. असं बरेच दिवस चाललं. मग महाशिवरात्र आली. त्या दिवशी अंबरनाथच्या शंकराच्या देवळाला एवढी जत्रा असते की अख्खं गाव तिकडं लोटतं. कामगार गेले, वॉचमन गेला, आम्ही सगळे पोलीस रांगेच्या बंदोबस्ताला. दुसऱ्या दिवशी शेठ फिर्याद घेऊन आले: तिन्ही लेथ मशिनी चोरीला गेल्या.

मी पंचनाम्याला गेलो. कुलूप तोडलेलं नव्हतं. जमिनीत मशीन कसायचे बोल्ट सोडवलेले, जड माल उचलायच्या चेनपुलीच्या साखळीचे ओरखडे तुळईवर ताजे. कुलपाच्या किल्ल्या दोन, एक शेठकडे, एक वॉचमनकडे. शेठ म्हणाले, "वॉचमन फितूर झाला. मशीनच नाही तर मी आता कामगारांना काम कुठलं देऊ? विषय संपला." कायद्याच्या हिशेबात सगळं बसत होतं. वॉचमनला अटक झाली, कोर्टानं कोठडी दिली आणि चौकशी माझ्याकडे आली.

माझी एक रीत होती. संशयिताला आधी बसायला सांगायचं. खोटा माणूस पटकन बसतो. त्याला वाटतं, हवालदार खूश आहे. खरा माणूस बसत नाही; त्याला वाटतं, बसलो म्हणजे कबूल केलं. हे कुठल्या पुस्तकात नाही.

वॉचमन माझ्याच वयाचा होता. म्हटलं, "बसा."

"मी नाय बसनार."

"कामावरून गेलात कसे?"

"शेटनीच धाडला. म्हनला, वर्साचा सन हाय, देवाला जा. मना पन नवल वाटला."

"लिहून दिलं होतं?"

"देवाला जायला कोन लिवून देतो, हवालदार?"

"आणि किल्ली?"

त्यानं शर्ट वर केला. किल्ली करदोट्याला बांधलेली. जत्रेत, घरी, झोपेत, ती तिथंच असायची म्हणे. मग माझ्याकडे सरळ बघून बोलला, "त्या शेडीखाली आमचा खला हाय. माझा बापूस तिथं भात झोडायचा. मी आपल्या खल्यावर चोरी करीन?"

मला त्याचं खरं वाटलं. पण हवालदाराला खरं वाटून भागत नाही.

बाहेर पायरीवर त्याची बायको डबा घेऊन बसली होती. मी जाताना ती उठली. "हवालदारदादा, यांना चोर ठरवलाव तर आमच्या गावातल्या एका पन मानसाला कोन गेटवर उभा नाय करनार. जमीन तर गेलीच. आता काठी पन घेऊन जा."

ती म्हणत होती ते खोटं नव्हतं.

आमचे साहेब वयानं माझ्याहून लहान, शिकलेले, पण ऐकून घेणारे. त्यांना सांगितलं, हा माणूस चोर नाही. ते म्हणाले, "मलाही तसंच वाटतंय. पण हवालदार, वाटणं कोर्टात दाखल करता येत नाही. कोठडी संपायच्या आत मशीन आणा."

मी गोदामं पाहिली, भंगारवाले झाडले, ट्रकवाल्यांना विचारलं. काही नाही. त्यात ठाण्याचं वार्षिक इन्स्पेक्शन तोंडावर आलेलं. इन्स्पेक्शन म्हणजे दगडांना चुना, कडेला गेरू, बोर्डाला नवा रंग. पोलीस ठाण्यात चोर सापडो न सापडो, दगड पांढरा पाहिजे. रंग आणायला मी उल्हासनगरला गेलो. कॅम्पातला एक सिंधी दुकानदार ओळखीचा होता. फाळणीनंतर निर्वासितांच्या बराकीत वाढलेला, फेरी करून करून दुकान उभं केलेलं.

"आओ साईं! इन्स्पेक्शन आलं का?"

"तुला कोणी सांगितलं?"

"पोलीस गेरू और कब लेता है? शादी में?"

"जास्त बोलू नकोस. रायफलींच्या खोलीच्या दाराला हिरवा ऑइलपेंट पण दे."

"हिरवा खतम, साईं. मशीनवाला सगळा हिरवा बदलापूरला गेला. मांजर्लीला, नदीकडे, कोणी नवी शेड टाकली. तिथं नवीन मशीन आलेत बोलतात." मग तो गल्ल्यावर वाकून हळू हसला. "एक बात बताओ. नवीन मशीनला रंग कोण मारतो? नवरी तर घरूनच नटून येते ना?"

मी गेरूची पुडी तिथंच विसरून निघालो.

साहेबांना सांगितलं. त्यांनी स्टेशन डायरीत रवानगी टाकली, बदलापूरच्या ठाण्याला वर्दी दिली आणि दोन पंच घेऊन स्वतः माझ्याबरोबर आले. मांजर्लीची ती जागा पावसाळ्यात पाण्याखाली जाणारी, म्हणून स्वस्तात मिळालेली. आत तीन लेथ, हिरव्यागार, आरशासारख्या. कामाला नवीन माणसं, काम अजून अंगवळणी न पडलेली. तिथल्या मुकादमानं बिलं काढून दाखवली. मशीनवर नंबरांच्या पट्ट्याही नव्या, बिलाशी जुळणाऱ्या. शेड वेगळ्याच माणसाच्या नावावर. साहेबांनी कागद उलटसुलट पाहिले. कागदांत खोट नव्हती.

माझा बाप लाकडाच्या वखारीत करवत ओढायचा. दसऱ्याला करवत धुऊन पाटावर ठेवायची, हळदकुंकू, फूल, आणि त्या दिवशी तिला हात लावायचा नाही. म्हणायचा, ही आपल्याला जेवायला घालते, वर्षातून एक दिवस हिला बसवायची. इथले कामगारही तेच करतात, मग तो कोकणातला असो नाहीतर उत्तरेतला. लेथला कुंकू लावतात ते जिथं हात घासत नाही आणि तेल उडत नाही तिथं, मागच्या अंगाला.

मी मशीनच्या मागं गेलो आणि गुडघ्यावर बसलो.

सगळीकडे हिरवा रंग. फक्त तळहाताएवढी एक जागा सोडलेली. चुकून राहिलेली नाही. कडेनं ब्रश जपून, सरळ फिरवलेला. मध्ये स्वस्तिक. खालचं कुंकू काळं पडलेलं, वर थोडं तांबडं, त्यात अक्षतांचे दाणे चिकटलेले. दुसऱ्या लेथवर तसंच. तिसऱ्यावर तसंच.

"साहेब," मी हाक मारली, "ही नवीन मशीन किती दसरे बघून आली, विचारा जरा."

साहेब वाकले. बघितलं. बिलं पंचांच्या हातात देऊन म्हणाले, "रंगारी आणा."

रंगारी उल्हासनगरचाच, हडकुळा, नखांत हिरवा रंग तसाच. त्याला वाटलं, आता मार बसणार. मी त्याला बसायला सांगितलं. तो बसेना. मी मनात म्हटलं, बरं आहे.

"काय सांगितलं होतं तुला?"

"सगळं हिरवं कर बोलले. एक पण जुना डाग दिसला नाय पाहिजे."

"मग ही जागा का सोडली?"

तो माझ्याकडे असा बघायला लागला की जणू मीच काहीतरी वेड्यासारखं विचारलं. "साहेब, देवावर ब्रश कसा मारू? तीन टाइम उचलला. हात चालेना. मग मुकादमला दाखवलं. तो पण बोलला, राहू दे, मागं आहे, कोण बघतंय."

मी मुकादमाकडे वळलो. "आम्ही बघतो ना. त्याचाच पगार आहे."

मुकादमाची मान खाली गेली. चोरीचा माल लपवायला बसलेला माणूस, पण कुंकू पुसायला सांगायची त्याचीही छाती झाली नव्हती. दुसरीकडे कुठं हा डाग धुऊन टाकला असता. आमच्या लोकांकडून ते व्हायचं नाही.

साहेबांनी शेठना बोलावून घेतलं. ते आले, मशीनकडे बघून म्हणाले, "या माझ्या नाहीत. माझ्या चोरीला गेल्या."

"ठीक," साहेब शांतपणे म्हणाले. "या कुंकवावर हात ठेवा आणि तसंच परत बोला."

दसऱ्याला पहिलं कुंकू मालकाच्या हातचं असतं. ते कुंकू त्यांनीच लावलेलं, वर्षानुवर्षं. शेठनी हात पुढे केला. हात मशीनजवळ जाऊन थांबला. मग खिशात गेला, रुमाल काढला, घाम पुसला.

याला कोर्टात काही किंमत नाही, हे साहेबांना माझ्याहून जास्त ठाऊक होतं. पण मुकादम ते बघत होता. तो म्हणाला, "साहेब, माझा जबाब घ्या." मग सगळं आलं. चेनपुली त्याची, ट्रक शेठचा, कुलूप शेठच्या किल्लीनं उघडलेलं, वॉचमनला जत्रेला धाडलं तेही ठरवूनच. मशिनी गेल्या असं दाखवायचं, जुने कामगार आपोआप पांगले की इथं नव्यांना घेऊन पुन्हा सुरू.

मशिनी मुद्देमाल म्हणून जप्त झाल्या. आम्ही कोर्टात रिपोर्ट दिला आणि संध्याकाळी वॉचमन सुटला. ठाण्यातून निघताना त्यानं करदोट्याची किल्ली सोडून माझ्या टेबलावर ठेवली. मी ती परत त्याच्या हातात दिली. म्हटलं, "गेट कोण उघडणार मग?" तो पहिल्यांदा बसला. बाकावर बसून पंचा तोंडाला लावला.

पुढं सगळं गोड झालं असं सांगणार नाही. कोर्टाच्या हुकमानं मशिनी जाग्यावर आल्या, शेड काही वर्षं चालली, काही कामगार कायम झाले, काही नाही. आज तिथं शेडही नाही आणि खळंही नाही. पण त्या गावावर चोरीचा डाग लागला नाही. मोरिवलीचा माणूस गेटवर उभा राहिला तो मान वर करूनच. एवढी नोकरी केली, तपासाचं श्रेय मला मिळालं, शाबासकीचा शेराही मिळाला. खरं म्हणाल तर तपास लागला तो एका माणसाचा हात चालला नाही म्हणून. पोटासाठी आपण पुष्कळ ठिकाणी हात चालवतो. एखादी जागा अशी असावी की तिथं तो चालू नये. हे मला त्यानं शिकवलं, आणि त्याला ते ठाऊकही नव्हतं.

वॉचमन सुटला त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी त्याच रंगाऱ्याला ठाण्यात बोलावून घेतलं. मांजर्लीचं काम त्याच्या हातून गेलंच होतं. उल्हासनगरच्या दुकानदारानं कुठूनतरी हिरव्याचा डबा पैदा करून पाठवला होता, वर माझी विसरलेली गेरूची पुडी. मी डबा रंगाऱ्याच्या हातात दिला. तेवढ्यात वॉचमन आणि त्याची बायको आले, तांदळाच्या भाकरी आणि वालाचं बिरडं घेऊन. पोलिसानं कुणाचं काही घेऊ नये. मी तसं म्हटलं.

ती म्हणाली, "मग मुद्देमाल म्हनून जमा करा."

साहेबसुद्धा हसले. आम्ही जेवायला बसणार तोच आतून ब्रशचा आवाज थांबला. जाऊन बघितलं. रंगारी रायफलींच्या खोलीच्या दारापुढं उभा होता. दसऱ्याला आम्ही तिथं शस्त्रं पूजतो, त्या दारावर आमचंही कुंकू होतं, जुनं, काळवंडलेलं. तो माझ्याकडे बघत होता. इन्स्पेक्शनला मोठे साहेब येणार, दाराला ठिगळ दिसणार.

मी म्हटलं, "बघतोस काय? सोडून मार. विचारलं तर माझं नाव सांग." आणि त्याला भाकरी खायला बोलावलं.