उधाणातला रविवार

आमच्या घरात पहिलं पुस्तक आलं ते माझ्या शाळेचं. अशा घरातल्या माणसानं लिहायला बसावं, हे मलाच आगाऊपणाचं वाटतं. वाचणाऱ्यांनी सांभाळून घ्यावं. पण हे दुसरं कोणी लिहिणार नाही.

कॉलेजातल्या माझ्या मित्राकडे त्याच्या काकांचा छोटा कॅमेरा होता. निवांत बसलेल्या माणसांचे मूक तुकडे जोडून तो एक लहानशी फिल्म करत होता. एका तुकड्यात म्हातारी गच्चीवर केस वाळवते, दुसऱ्यात कारकून बाकावर शेंगा सोलतो. बाकी काही घडत नाही. आता त्याला विसावलेला कोळी हवा होता. मी बाबांचं नाव सुचवलं आणि तो रविवारी बेलापूरच्या खाडीकाठी आमच्या गावी आला.

आमच्याकडे सुट्टी तिथीप्रमाणे येते. अष्टमीच्या सुमारास खाडीचं पाणी मंदावतं, त्याला भांग म्हणतात. तेव्हा जाळी सुकतात आणि माणसं बसतात. तो रविवार मात्र अमावास्येच्या दुसऱ्या दिवशी आलेला, भर उधाणाचा, म्हणजे ऐन मासेमारीचा. मला हे ठाऊक होतं. मित्राला सांगायचा धीर झाला नाही.

 बाबा धुतलेला सदरा घालून बांधावर बसले. समोरून होड्या निघत होत्या. एकीतून चुलते म्हणाले, "आज तुज्याच घरी भांग हाय काय रं?" सगळे हसले. बाबाही हसले, पण त्यांची नजर पाण्यावरून हलेना. मित्र पुन्हा पुन्हा म्हणत होता, "काका, आरामात बसा."

त्या दिवशी आमची होडी निघालीच नाही.

पुढे प्रत्येक भांगाला बाबा विचारायचे, "कवा येल रं माजा शिनेमा?" आई तर शेजारणींना सांगून बसली होती. मित्र परीक्षेनंतर पुण्याला गेला. फिल्म धुवायला दिली आहे, एवढंच कळवायचा.

शेवटी पोस्टकार्ड आलं तेव्हा भांगच होता. बाबा उंबऱ्याशी पाय पसरून, डोळे मिटून बसले होते. मित्राला हवे होते अगदी तसे.

"वाच," ते म्हणाले.

मी वाचलं. "फिल्म पुरी झाली. इथं दाखवली, लोकांना आवडली. तुझ्या वडिलांचा भाग मात्र काढावा लागला. ते निवांत वाटत नाहीत. सारखे कुठंतरी निघाल्यासारखे दिसतात."